खोलीचा आवाज

कूलर बंद करा, नावेद म्हणाला,
आणि मे महिन्यातली अख्खी तांडापेठ
खोलीत येऊन बसली.
चव्वेचाळीस. अजून अकराच वाजलेत.
मोरेश्वर परात्यांनी शर्टाचं वरचं बटण लावलं.
"रेडिओवर कोण पाहाते म्हणा,
पण एकतीस वर्षं मी बटण लावूनच वाचलं."

मी आधी हात घेते. सगळ्यांचेच.
खड्या गमतीत चाळीस वर्षं बाई झालेल्या गोमाजीचे,
बांगड्या उतरल्या तरी मनगट वळवून
चहाचा कप धरणारे.
कंपोझिटर बोरकुट्यांचे, खिळे जुळवून काळे पडलेले;
त्यांना दुकानांच्या पाट्या वाचायला
अजून जरा वेळ लागतो,
सगळं सुलट लिहिलेलं असतं म्हणून.

परात्यांचे हात मांडीवर नुसते पडून होते.
त्यांच्यात काहीच नव्हतं.
आवाजाला कॅमेरा कुठून लावायचा
हे मला कोणी शिकवलं नाही.

बाप विणकर, ते सांगत होते. घरात चार माग.
पाणी मागायचं तर खटखटीच्या मधे मागायचं,
धोटा त्या काठाला पोचून
वळायच्या आत.
"तिथंच शिकलो. जोरात नाही बोलाचं.
फटीत बोलाचं."

मग मी मेमोबद्दल विचारलं.
त्यांनी तो प्लास्टिकच्या फाइलीत जपून ठेवलाय,
निवृत्तीच्या मानपत्राच्या वर.
संध्याकाळचं बातमीपत्र. अकरा सेकंद शांतता.
खुलासा करावा.

"शब्द सापडला नाही,"
परात्ये कॅमेऱ्याकडे बघून म्हणाले,
बातमीच्या आवाजात.

आणि आतून, भाकरीच्या थापेआडून, अनुसयाबाई:
"खोटं बोलून राहिले."

नावेदनं माझ्याकडे बघितलं.
मी कट म्हटलं नाही.
परात्यांनी मान वळवली नाही.
चष्मा काढला, बनियनच्या टोकानं पुसला, परत घातला.
भाकरीची थाप पुन्हा सुरू झाली.
पुढचा प्रश्न माझ्या जिभेवर होता,
त्यासाठीच तर आले होते मी.
मी विचारलं, तेव्हा पगार किती होता तुम्हाला?

सगळं झाल्यावर खोलीचा आवाज घ्यायचा असतो.
कोणी हलायचं नाही, बोलायचं नाही, तीस सेकंद.
परात्ये हसले.
"ज्याच्यापायी मेमो भेटे, तेच मागून राहिली तू."

घड्याळ.
शेजारच्या गच्चीवर कुरड्यांवरून उडालेला कावळा.
लांब कुठेतरी एकच माग,
या वस्तीत उरलेला.
अनुसयाबाईंनी गॅस बारीक केला तेही ऐकू आलं.
मग परात्यांचं बोट वर झालं.
घड्याळ त्यांच्या पाठीमागे होतं.
नावेदनं आकडा बघितला: तीस.
"लावा आता कूलर. मरून राहिलो बाप्पा."

रात्री धरमपेठेत, भाड्याच्या टेबलावर, मी कापत बसते.
वाक्य काढलं की तिथं भोक पडतं.
भोकात त्याच खोलीची शांतता भरायची,
नाहीतर ऐकणारा ठेचकाळतो.
वाहिनीवाले म्हणाले, बाईंचं ते काढा,
माणसाचा मान राहत नाही.
काढून बघितलं. भरून बघितलं.
सहा सेकंद झाले.
अकरा झाले असते तर कवितेत बरे बसले असते.
दोनदा ऐकलं. एक साधा, सभ्य म्हातारा,
शब्द न सापडलेला.
मग बाईंना परत जागेवर ठेवलं.

सकाळी, खाली तर्री-पोह्यांच्या ठेल्यावर
पहिली प्लेट वाजली तेव्हा फोन आला.
"मी पराते बोलतो.
ते बटण दिसते ना?"
दिसतं, म्हटलं.
त्यांनी फोन ठेवला नाही.
मीही नाही.
किती वेळ, ते मी मोजलं नाही.
त्यांनी मोजलं असेल.